डुलकोबाच्या बारा डुलक्या

सलग तिसऱ्या दिवशी द्वारकाबाईंचे मोदक फुटले. वीस वर्षं त्या वेधशाळेत स्वयंपाक करत होत्या. खिडकीतलं ऊन क्षणभर मंदावलं की त्यांच्या ग्रहाच्या सूर्याची, डुलकोबा ताऱ्याची, एक डुलकी झाली. अशा बारा डुलक्यांनी मोदकपात्राचं झाकण काढायचं. त्या ग्रहावर सगळेच वेळ असा मोजत.

“वय झालं, बाई. आता विश्रांती घ्या,” वेधशाळेचे प्रमुख पोंक्षे म्हणाले.

“माझा हात चुकत नाही. तुमचा डुलकोबाच आळसावलाय!”

पोंक्षे हसले. “अहो, सगळ्या घड्याळांशी तो तंतोतंत जुळतोय.”

“जुळणारच! घड्याळं त्याच्यावरच लावता ना? माझं पाणी काही त्याला विचारून उकळत नाही.”

पोंक्ष्यांचं हसू मावळलं. बाह्या सरसावून ते स्वतः चुलीपाशी उभे राहिले आणि द्वारकाबाईंच्या सांगण्यावरून दहाव्या डुलकीलाच त्यांनी झाकण उचललं. एकवीसच्या एकवीस मोदक अखंड, कळ्या ताठ!

आता रोज सकाळी ग्रहावरची घड्याळं लावण्याआधी पोंक्षे स्वयंपाकघरात डोकावतात.

“बाई, झाले का मोदक?”

“थांबा जरा!” द्वारकाबाई दटावतात, आणि अख्खा ग्रह थांबतो.