बिघडलेला फोन

टेलिफोनचा टॉवर उभा करायला आगाशे इंजिनिअर दोन पावसाळे डोंगरावर झिजले. आता मुंबईच्या ट्रंक कॉलवर घसा ताणून ओरडायला नको, हळू बोललं तरी चालायचं. चार कौतुकाचे शब्द कानावर पडावेत म्हणून ते मांडवी आळीत अस्लमच्या दुकानी गेले. आळीत फोन तेवढा एकच.

"फोन पार बिघडवून ठेवलात," शेजारच्या ओट्यावरून कुलसुमखाला म्हणाल्या.

आगाशे घाईने दुकानात शिरले. आळीतली रझिया फोनवर मुंबईतल्या नवऱ्याशी बोलत होती. तिच्या हातून रिसीव्हर घेऊन त्यांनी कानाला लावला. आवाज खणखणीत होता.

"खाला, छान ऐकू येतंय की."


"रझियाला येत असेल. आम्हाला इथे ओट्यावर पहिलं सगळं ऐकू यायचं, आता एक अक्षर येत नाही."