गुरुवारचं पाकीट

तिसऱ्या गुरुवारीही कॉलिन आला नाही.

गुरुप्रसाद रेगे बहरीनच्या अदलिया भागातल्या त्या छोट्या कॅफेत साडेचारपासून बसून होता. समोर घडी घातलेलं वर्तमानपत्र, घडीत एक पाकीट. मालक नुमान दुसरा चहा घेऊन आला.

"साब, आपका दोस्त आज भी मफी? नहीं आया?"

"दोस्त नहीं, क्लायंट है," गुरुप्रसाद म्हणाला.

सहा वर्षं तो हेच उत्तर देत आला होता.

गुरुप्रसाद मरीन सर्व्हेअर होता. विमा कंपन्यांसाठी जहाजं तपासायची, माल बघायचा, शिडीवरून चढायचं-उतरायचं. बायको, स्मिता, गेल्यावर वर्षभरानं, एका सेमिनारच्या जेवणात, कॉलिन त्याच्या शेजारी येऊन बसला. पन्नाशी उलटलेला, ढगळ कोटातला इंग्रज. चार-पाच भेटींनंतर त्यानं सरळ सांगितलं, की तो लंडनच्या परदेशी हेरखात्यासाठी काम करतो. नाव पुसून दुसरं रंगवलेली, कागदोपत्री एका बंदरातून आणि प्रत्यक्षात भलत्याच बंदरातून येणारी तेलाची जहाजं कोणती, ही माहिती त्याला हवी होती.

"मीच का?" गुरुप्रसादनं विचारलं होतं.

"कारण तुम्ही जहाजावर सगळं वाचता. बाकीचे नुसती सही करतात."

स्मिता गेल्यापासून त्याच्याबद्दल इतकं नीट कुणी काही बोललं नव्हतं. तो हो म्हणाला.

काम पंधरा मिनिटांत उरकायचं. मग दोन तास गप्पा. कॉलिन आपल्या खात्याच्या गमती सांगायचा. शंभराहून जास्त वर्षं जुनं खातं, पण ते आहे हेच सरकार कितीतरी दशकं कबूल करत नव्हतं. पहिला प्रमुख हिरव्या शाईनं सही करायचा, म्हणून आजही प्रमुखाची सही हिरवीच. प्रत्येक खबऱ्याची एक फाईल. अधिकारी दोन-तीन वर्षांनी बदलतो, फाईल पुढच्याच्या हातात जाते.

"मग तुमची बदली कशी होत नाही?" गुरुप्रसादनं एकदा विचारलं.

"लंडन मला विसरलंय," कॉलिन हसून म्हणाला आणि त्यानं आणखी एक समोसा मागवला.

गुरुप्रसाद त्याला स्मिताच्या आजारपणाबद्दल सांगायचा, पुण्याला असलेल्या मुलीबद्दल, अनुष्काबद्दल सांगायचा. कॉलिन लक्ष देऊन ऐकायचा, पुढच्या आठवड्यात आठवणीनं चौकशी करायचा. घरी परतताना मात्र गुरुप्रसाद स्वतःला बजावायचा, की हे त्याचं काम आहे. माणसाला बोलतं ठेवायचं, याचा त्याला पगार मिळतो. कॉलिन हे नावसुद्धा खोटंच असणार.

दोन वर्षांपूर्वी बंदराच्या गेटवर सिक्युरिटीनं त्याला अडवलं होतं. फोन मागितला. तासभर एका खोलीत बसवलं. फोनमध्ये त्या दिवशी नेमकं काही नव्हतं, म्हणून वाचला. नाहीतर जेल ठरलेली. हे ऐकून कॉलिन पांढराफटक पडला.

"खलास," तो म्हणाला. "यापुढे काही आणू नका."

"नाही आणलं तर आपण भेटायचं कशाला?"

कॉलिननं समोरचा कप बाजूला सारला. मग म्हणाला, "ठीक आहे. किनाऱ्यावरून दिसतील तेवढीच जहाजं लिहा. आत जायचं नाही, फोटो काढायचे नाहीत. शब्द द्या."

आपली परीक्षा चालली आहे, असं गुरुप्रसादला वाटलं. त्यानं शब्द दिला. तेव्हापासून कॉलिन पाकीट न उघडताच खिशात टाकायचा. एवढा विश्वास बसला, याचंही गुरुप्रसादला बरं वाटायचं.

"Baba, just come home na," अनुष्का दर रविवारी म्हणायची. "What's there in Bahrain?"

"काम आहे गं," तो म्हणायचा. साठी जवळ आली होती. कंपनीनं दोनदा विचारलं होतं, आता परत जायचंय का? दोन्ही वेळा त्यानं नको म्हटलं होतं.

आता तीन आठवडे फोन बंद. पत्ता माहीत नाही. चौकशी कुठे करणार? आणि कोण म्हणून?

चौथ्या गुरुवारी कॉलिनच्या खुर्चीसमोर एक चाळिशीची गोरी बाई येऊन उभी राहिली. नुमाननं लांबूनच तिला टेबल दाखवलं होतं.

"तुम्ही गुरुप्रसाद ना? मी ज्युलिया. कॉलिनची मुलगी."

मुलगी. गुरुप्रसादनं मनात दाद दिली. नवीन अधिकाऱ्यासाठी याहून साधी खोटी ओळख कोणती? त्यानं तिला बसायला सांगितलं.

"बाबा गेले," ती म्हणाली. "महिना झाला. इथे अमवाजला, त्यांच्या फ्लॅटमध्ये, झोपेतच. हार्ट. त्यांच्या डायरीत दर गुरुवारी या कॅफेचं आणि तुमचं नाव होतं."

गुरुप्रसादनं तिच्याकडे निरखून पाहिलं. बदली झालेल्या माणसाला हे लोक मेला म्हणून सांगत असतील का? पण तिचे डोळे सुजलेले होते. त्यानं टेबलाची कड घट्ट धरली. रडायचं नाही. तो आपला कोण होता?

त्यानं वर्तमानपत्र तिच्याकडे सरकवलं. "चार आठवड्यांचं आहे. आता तुमच्याकडेच देत जाईन."

तिनं पाकीट उघडलं. जहाजांची नावं, तारखा, वेळा. तिनं कागद उलटसुलट करून पाहिला.

"हे कशासाठी?"

"लंडनला पाठवायचं. ते पाठवायचे तसंच."

ज्युलियानं कागद हळूच घडी करून परत पाकिटात ठेवला.

"बाबा चार वर्षांपूर्वीच रिटायर झाले," ती म्हणाली. "घरी या, घरी या, म्हणून मी किती मागे लागले. म्हणायचे, इथे माझा एकच मित्र आहे, आणि माझी नोकरी संपली हे कळलं तर तो यायचा बंद होईल."