उपाशी पेशींची राखण

पेशी पुन्हा जेवल्या होत्या.

देवीदास सरांनी सूक्ष्मदर्शकावरून डोळा काढला आणि वर्षालीकडे असं पाहिलं, जणू तिनंच त्यांना पंगतीला बसवलं होतं.

"तिसरी खेप," सर म्हणाले. "पोरी, या शेळीच्या पेशी हायेत का लग्नातले पाव्हणे? जवा पाहा तवा जेवूनच राहिल्या!"

वर्षालीनं वहीत तिसऱ्या खेपेवर फुली मारली.

तसं पाहिलं तर प्रयोग साधा. बशीतल्या पेशी एका चालीनं कधीच चालत नाहीत. एक दुभंगत असते, दुसरी वाढत असते, तिसरी नुसतीच लोळत असते. सगळ्यांना एका रांगेत आणायचं तर त्यांचं खाणं, म्हणजे सीरम, बंद करायचं. उपाशी पेशी मुकाट्यानं एकाच मुक्कामावर थांबतात. मग सगळ्यांना एकदम खायला घातलं की सगळ्या बरोबरीनं निघतात. अकोल्याच्या या प्रयोगशाळेत घोडं पहिल्याच पायरीवर अडलं होतं. उपास चालू असताना कुणीतरी सीरम टाकत होतं. फ्रीजमधली बाटली तेवढी उतरलेली दिसायची.

आणि या उपासावर वर्षालीचा प्रबंध अडला होता, प्रबंधावर तिचं लग्न. परतवाड्याच्या रोहितशी साक्षगंध होऊन वर्ष उलटलं होतं. तिचे वडील पंजाबराव अमरावतीजवळ झेंडू पिकवतात. त्यांनी भर बैठकीत शब्द दिला होता, "पोरगी पीएचडी झाली का लगेच मांडव टाकतो." आता रोहितच्या वडिलांनी निरोप धाडला होता, की या खेपेला काम झालं नाही तर आम्ही दुसरी मुलगी पाहू. तेव्हापासून पंजाबरावांना जेवण गोड लागत नव्हतं.

सरांचा संशय बेबीताईंवर होता. बेबीताई प्रयोगशाळेची झाडलोट करायच्या, आणि कुणाला उपाशी पाहणं त्यांच्या स्वभावातच नव्हतं. फाटकावरची कुत्री त्यांच्याच पोळ्यांवर गब्बर झाली होती. पेशींना मुद्दाम उपाशी ठेवतात हे कळलं त्या दिवशी त्यांनी सरांना तोंडावर सुनावलं होतं, "पाप लागते, साहेब."

"बेबीताई, खरं सांगा," सरांनी विचारलं.

"कुत्र्याले चारलं, मांजरीले चारलं," बेबीताई कडाडल्या. "पण ज्या डोयाले दिसत नाई त्यायले काय चारू? घास कुठं धरू?"

सरांना ते पटलं नाही. चौथ्या खेपेला त्यांनी बेबीताईंना सुट्टी देऊन भावाकडे नांदगाव खंडेश्वरला पाठवून दिलं. राहिला प्रश्न राखणीचा. सर शेतकऱ्याच्या घरचे. रोजानं लावलेला राखणदार झोपतो आणि रानडुकरं पीक खाऊन जातात, हे त्यांनी लहानपणापासून पाहिलेलं. राखणीला बसावं ते ज्याचं पीक त्यानंच. त्यांनी थेट परतवाड्याला फोन लावला.

रोहित शनिवारी थैलीभर संत्री घेऊन हजर झाला.

"तुमी फक्त बसा," सर म्हणाले. "बशांच्या या इन्क्युबेटरले कोणाचा हात लागू देऊ नका."

"सर, माशी बसू देत नाही!"

वर्षालीनं त्याला सगळं दाखवलं. या उपाशी बशा, हे फ्रीजमधलं सीरम. "हे थोडं जरी पडलं ना, तरी सगळं मुसळ केरात," ती म्हणाली.

"कोणती बाटली म्हणता?" रोहितनं दोनदा विचारून घेतलं. जावई असावा तर असा, असं सरांच्या मनात आलं.

रविवारी सकाळी वर्षालीनं पेशी एकदा पाहिल्या, सगळ्या गप आहेत म्हणून सांगितलं आणि किल्ली रोहितच्या हाती देऊन गेली. तो दिवसभर दारात खुर्ची टाकून बसला. संत्री सोलायलासुद्धा जागचा हलला नाही, असं फाटकावरच्या चौकीदारानं नंतर कौतुकानं सांगितलं.

सोमवारी सरांनी डोळा लावला आणि तसेच खुर्चीत बसले.

"बाप्पा! या तं साऱ्या माजल्या!"

पेशी नुसत्या जाग्या नव्हत्या. जिकडे पाहावं तिकडे गोल होऊन दुभंगत होत्या, पाय ठेवायला जागा नाही. याआधी तिन्ही खेपांना एवढा धिंगाणा झाला नव्हता. सरांनी बेबीताईंना फोन करून "तुमी नव्हत्या, माफ करा" म्हटलं, आणि वर्षालीला प्रयोग पहिल्यापासून करायला सांगितलं. म्हणजे आणखी वर्ष गेलं.

रोहितनं बाहेर जाऊन घरी कळवलं. अर्ध्या तासात परतवाड्याहून पंजाबरावांना फोन गेला. सोयरीक मोडली.

दोघं फाटकाबाहेरच्या टपरीवर चहा घेत उभे राहिले. वर्षालीनं ओढणीनं डोळे पुसले. रोहितला ते पाहवेना.

"एक सांगाचं होतं," तो म्हणाला. "शिव्या द्या पाहिजे तं. मले लग्नच नाही कराचं. घरी बोलाची हिंमत नाही झाली. आधीचं कोणी टाकलं मले माहीत नाही, पण काल दुपारी चौकीदार जेवाले गेला तवा त्या बाटलीतलं मीच टाकलं."

वर्षालीनं चहाचा ग्लास खाली ठेवला.

"काल? सगळ्या बशांत?"

"हो, साऱ्याच."

"तरीच म्हटलं एवढ्या कशा माजल्या," वर्षाली म्हणाली. "माह्यं तर सकाळीच टाकून झालं होतं."