वरचा अर्ज

"आपल्या विभागात वर्षानुवर्षं जागचं हललेलं नाही असं काहीतरी एक चिठ्ठीवर लिहा," प्रशिक्षक म्हणाला आणि त्याने घड्याळात पाहिलं. "दोन मिनिटं."

परवाना विभागाने माना खाली घातल्या. वरून आदेशच आला होता: 'जडत्व : ओळख आणि उपाय', एक दिवसाचं प्रशिक्षण, हजेरी सक्तीची. सकाळपासून भिंतीवर चित्रं सरकत होती. एकात मोठा दगड, दुसऱ्यात तोच दगड आणि त्याला ढकलणारा हसतमुख माणूस. जितकं वस्तुमान जास्त तितकं जडत्व जास्त, हे प्रशिक्षकाने तीनदा सांगितलं आणि सगळ्यांनी ते तीनदा उतरवून घेतलं. बाहेर खिडकीवर 'आज कामकाज बंद' अशी पाटी लागली होती.

तरी बाहेरचं एक माणूस आत होतंच. शिवणकाम करणाऱ्या एक बाई दर मंगळवारी यायच्या तशा आजही आल्या आणि मागच्या बाकावर बसल्या. शिपायाने न बघता त्यांच्याही हातात वही, पेन आणि चहा ठेवला. चार वर्षांच्या खेपांत या कचेरीने त्यांना काही द्यायची ही पहिलीच वेळ.

हेडक्लार्कच्या टेबलाशेजारी एक खोल लाकडी पेटी होती. आलेला अर्ज वरून पेटीत टाकायचा आणि काम करताना वरचाच उचलायचा, ही इथली पद्धत. त्यामुळे आजचा अर्ज आजच निकाली निघायचा आणि विभागाला तत्पर सेवेची ढाल मिळायची. अशा सात ढाली भिंतीवर होत्या. संध्याकाळी जो अर्ज पेटीत राहील त्याच्यावर सकाळी नवे पडायचे आणि तो कायमचा तळाशी जायचा. पुन्हा अर्ज द्यावा म्हटलं, तर पहिला प्रलंबित असताना दुसरा घेता येत नाही. बाईंचा अर्ज कचेरी सुटायला पाच मिनिटं असताना पेटीत पडला होता.

प्रशिक्षक चिठ्ठ्या वाचू लागला. तिघांनी 'पंखा' लिहिलं होतं. हेडक्लार्कने 'कर्मचाऱ्यांची मानसिकता' असं लिहून खाली आपली लांब शेपटीची सही ठोकली होती. सही केल्याशिवाय कागद हातावेगळा करणं त्याला जमतच नसे. शेवटची चिठ्ठी वाचताना प्रशिक्षकाला हसू आवरेना.

"माझा नवरा."

सगळी खोली खदखदून हसली. "ताई, ते घरगुती जडत्व झालं. ते जेवणानंतर घेऊ," प्रशिक्षक म्हणाला.

बाईही जराशा हसल्या. मग म्हणाल्या, "त्यांचे पाय गेलेत. चाकांची खुर्ची आहे, पण दारापुढे दोन पायऱ्या आहेत. त्या काढून उतार करायला तुमची परवानगी लागते. तो अर्ज त्या पेटीत आहे. रस्त्यावरून कोण चाललंय, हे ते पलंगावरून मला विचारतात. मी शिवता शिवता सांगते. चार वर्षं झाली."

आता कुणी हसलं नाही. सगळ्यांना वाईट वाटलं, आणि ते खरंच वाटलं.

"बाई, तुमची अडचण कळते मला," हेडक्लार्क म्हणाला. "पण पद्धत म्हणून काही असते. पुढच्या मंगळवारी बघू." हे तो दर मंगळवारी म्हणायचा आणि मनापासून म्हणायचा.

"साहेब, शिवण कुठे अडली ते कळेना, की आम्ही कापड उलटं करतो." बाई उठल्या. पेटीपाशी जाऊन त्यांनी एक बाजू धरली. "कुणीतरी पलीकडून धरा."

सकाळपासून भिंतीवर दगड ढकलणारा प्रशिक्षक आपल्या बुटांकडे बघू लागला. शेवटी टायपिस्ट उठली. दोघींनी मिळून पेटी उचलली आणि टेबलावर पालथी घातली. धुळीचा लोट उठला, सगळे खोकले आणि तळाचा अर्ज सगळ्यांत वर आला.

वरचा कागद उचलायची हेडक्लार्कच्या हाताला पंचवीस वर्षांची सवय होती. त्याने तो उचलला. वाचला. कोपराखाली दाबून ठेवला आणि पुढचा उचलला. मग त्याच्या पुढचा.

जेवणानंतरचं सत्र झालंच नाही. शिक्के वाजत राहिले. बरेचसे अर्जदार हयात नव्हते, त्यांची प्रकरणं भराभर मिटली. चारच्या सुमाराला बाईंचा अर्ज हाताला लागला. हेडक्लार्कने सही केली, शिक्का मारला आणि उभं राहून कागद त्यांच्या हातात दिला.

बाईंनी तो दोनदा वाचला. डोळे पुसले. निघताना त्यांना त्याच्या कोपराखालचा पिवळा कागद दिसला.

"हा एक राहिला की, साहेब."

त्याने तो पुढे सरकवला. त्यावर दोनच ओळी होत्या: 'पेटी रोज सकाळी उलटी करावी, म्हणजे आधी आलेल्याचं काम आधी होईल. आपला, नवीन कनिष्ठ लिपिक.' शेजारी तेव्हाच्या साहेबांचा लाल शाईतला शेरा होता: 'सूचना उत्तम. पेटीत ठेवावी.'

बाईंनी लिपिकाची सही पाहिली, मग आपल्या परवानगीवरची पाहिली. दोन्हींची शेपटी एकच होती.

"म्हणजे तुमचं कुणी ऐकलंच नाही?"

"ऐकलं ना," हेडक्लार्क म्हणाला. "लगेच बढती दिली."