उघडे डोळे

थिबा पॅलेस पाहून आमची बस माझ्या वस्तीपाशी आली, तेव्हा मी गाइडला हाक मारली, "इथे आमचं बुद्धविहार आहे, जरा थांबवा." तो हसला. "ताई, तिथे काय आहे बघण्यासारखं?" बसमधले मुंबईचे पाहुणे खिडकीतून पंचशील ध्वज बघत राहिले आणि बस पुढे गेली. सहलीच्या पत्रकावर 'रत्नागिरीतील बौद्ध परंपरा : एक दिवस' असं ठळक छापलं होतं. दुपारी मांडवीच्या एका हॉलमध्ये तिबेटी चित्रकाराने आम्हाला कापडावर बुद्ध रंगवायला बसवलं. डोळे सगळ्यात शेवटी काढायचे, त्याने समजावलं, आणि तेही अर्धे मिटलेले. मी चीवर रंगवलं, हात रंगवले आणि शेवटी डोळे टक्क उघडे काढले. गाइड धावत आला. "ताई, चुकलं! नवीन कापड देऊ?" "नको. चुकलेलं नाही." "अहो, भगवान ध्यानात बसलेत." "ध्यान झालं की उठून आमच्या वस्तीत यायचंय त्यांना. माझ्या आयशीला विहिरीवरून हाकललं, तेव्हा सगळा गाव डोळे मिटून होता. आमच्या बुद्धांना तसं चालायचं नाही." चित्रकार पुसायला फडकं घेऊन वाकला होता, तो तसाच थांबला. गाइडचा आवाज चढला, "पण असला बुद्ध तुम्ही पाहिलात तरी कुठे?" मी ब्रश पाण्यात बुडवला. "सकाळी तुम्ही बस थांबवली नाहीत ना, तिथे."