सिक्स्तेन आजोबांची अवघड भूमिका

"तुम्ही आजवर एकूण किती माणसं मारलीत?"

मैत्रिणींनी पैज लावली होती, म्हणून तूवाने विचारून टाकलं. शेजारचे सिक्स्तेन बूरमान आयुष्यभर सिनेमात खुनी झाले होते. एकदाच पाद्री झाले, तर प्रेक्षक शेवटपर्यंत झग्यातून सुरी निघायची वाट बघत बसले. अजूनही दुकानाच्या रांगेत बायका त्यांच्यापासून जरा लांबच उभ्या राहत.

"मोजायचं काम पोलिसांचं," म्हणत म्हातारबुवांनी वेलदोड्याचा बन तिच्यापुढे सरकवला. "आता खरं काय विचारायचंय ते विचार."

"सगळ्यात अवघड भूमिका कोणती?"

"ज्याला अभिनय येत नाही अशा माणसाची. मूळ नटाला ऐन वेळी धीर झाला नाही, म्हणून माझ्याकडे आली. दर खेपेला नेमक्या जागी चुकायचं. सोपं नसतं ते."

"चालला का सिनेमा?"

"प्रेक्षक मोजकेच. पण फार चोखंदळ."

म्हणजे आपटला, तूवाने मनात म्हटलं. मग पोटातलं ओठावर आलं. जानेवारीत शाळेत शाखा निवडायची होती. तिला नाट्यशाखा हवी होती आणि बाबा एकच पालुपद लावून बसला होता, 'आपल्या घराण्यात अभिनय कुणाच्या बापाला जमलेला नाही.'

"आणि तेही खरंच आहे हो," ती म्हणाली. "नाताळबाबा झाला तरी ओळखू येतो. नाताळच्या संध्याकाळी टीव्हीवरची कार्टून संपली, बाबा 'पेपर आणतो' म्हणून बाहेर पडला, की दाढी लावून नाताळबाबा हजर. पायात बाबाचेच हिरवे गमबूट, डाव्या बुटाला सायकलच्या ट्यूबचं लाल ठिगळ. 'इथे... अं... शहाणी मुलं आहेत का?' दर वर्षी तिथेच अडखळणार. मग पेपर घेऊन परत येतो आणि हळहळतो, 'अरेरे, येऊन गेला? यंदाही हुकला.' धाकटी मोआ विश्वास ठेवते म्हणून मी आपली गप्प."

सिक्स्तेन आजोबा खिडकीबाहेर बघत कॉफी पीत राहिले.

निघताना दाराशी काढलेले बूट घालायला तूवा खाली वाकली आणि तिच्या मनात आलं, बूट काय, कुणाच्याही पायात जातात.

"आजोबा," ती वर न बघता म्हणाली, "गुडघे कसे आहेत तुमचे?"

"यंदा पायऱ्या नको म्हणतात," ते म्हणाले. मग हळूच, "दाढीची पिशवी देऊ का?"

त्या संध्याकाळी मोआ झोपल्यावर तूवाने ती पिशवी आईबाबांसमोर ठेवली.

"बाबा, यंदा पेपर आणायला मी जाणार. तू तेवढा वेळ आजोबांच्या स्वयंपाकघरात लपून बसायची गरज नाही, दोन मोजे चढवले की तुझे बूट मला होतात. आणि इतकी वर्षं तोंड पाडून 'यंदाही हुकला' म्हणणाऱ्याने मला घराण्याचं सांगू नये. मी नाट्यशाखा घेतेय."