बारीक झाल्यावर

‘बारीक झाले की घालीन’ म्हणत वर्षानुवर्षं कपाटात ठेवलेला पैठणीवरचा ब्लाऊज पुतणीच्या लग्नात अखेर घातला. तो खांद्यावरून घसरत होता.

“वहिनी, काय मस्त बारीक झालीस गं!” पंगतीत नणंद म्हणाली आणि शेजारी बसलेल्या लेकीला तिनं कोपरानं ढोसलं. “शिक जरा मामीकडून.”

गार्गीनं जिलबीकडे नेलेला हात मागे घेतला. मग आईचं लक्ष नाही असं बघून मला हळूच विचारलं, “मामी, काय केलंस? मलाही सांग ना.”

लग्न पार पडेपर्यंत केमोचं कुणालाच सांगायचं नाही, असं घरात ठरलं होतं. मी माझी जिलबी तिच्या पानात ठेवली.

“खा गं. आहेस तशी छान आहेस तू.”

तिनं खाल्ली नाही. माझ्या गळ्याशी वर आलेल्या हाडांकडे ती हेव्यानं बघत राहिली.